अलिबागच्या तारखांची पिशवी

मी कुडपणच्या महिपतीची कागदांची पिशवी बोलतेय. रंग खाकी, बंदाला दोन गाठी. महिपती मुंबईला वॉचमन होता, तेव्हाच्या त्याच्या पँटचा एक पाय कापून त्याची बायको आवडी हिने मला शिवलं.

झऱ्याखालच्या भाताच्या खाचरावरून महिपतीचं चुलतभावाशी, चांगूशी, भांडण लागलं होतं. महाडच्या कोर्टाने खाचर महिपतीचं ठरवलं. चांगूने अलिबागला वरच्या कोर्टात अपील केलं. तेव्हापासून माझा जन्म तारखांत गेला. डोंगर उतरून पोलादपूरला एसटी पकडायची, महाडला बदलायची. चांगूही त्याच गाडीत, मागच्या बाकावर. बोलणं बंद. पण चांगूला गाडी लागायची, आणि महिपती मान न वळवता लिंबाची फोड मागे धरायचा. तीन वर्षं मी हे पाहिलं.

त्र्याऐंशीच्या माघात महिपती तापाने गेला. आजारपण चार दिवसांचं. पुढची तारीख नेमकी सुतकात आली. मी खुंटीला होते. धाकटा भाऊ धोंडू माझ्याकडे बघायचा आणि तोंड फिरवायचा. दुसरीतून शाळा सोडलेला, डोक्याने तापट. "तारखेला माणूस गेला नाय, तर खटला गेला," असं महिपती सांगायचा, तेवढंच त्याला ठाऊक. भाऊ गेला आणि त्याचं खाचरही आपण घालवलं, या विचाराने त्याला घास उतरत नव्हता.

तेरावं झालं तसा तो मला घेऊन महाडला वकिलाकडे धावला. कारकून दत्ताराम एकटाच होता.

"तारखेला आमचं कुणी गेलं नाय. खाचर गेलं ना?"

"बस आधी. अपील कुणाचं? तुमचं की चांगूचं?"

"त्याचं."

"मग हजर त्याने राहायचं. तो आला नाही, त्याच्या वकिलालाही काही कळवलं नाही. कोर्टाने अपील काढून टाकलं. खाचर तुमचंच."

धोंडूने मला पोटाशी घट्ट धरलं. इतका मोठा श्वास मी कधी अंगावर घेतला नव्हता.

"मात्र महिन्याच्या आत त्याने कारण दाखवून अर्ज केला, तर अपील परत उभं राहील," दत्ताराम म्हणाला.

झालं. परतल्यावर घरी न जाता गडी थेट चांगूच्या अंगणात. चांगू ओट्यावर बसला होता. डोकं, मिशी, सगळं उतरवलेलं. भावकीतला म्हणून त्यालाही सुतक होतं, हे धोंडूच्या तेव्हा ध्यानात आलं.

"तारीख ठावं नव्हती तुला?"

"होती."

"मंग?"

"सुतकात कोर्टाची पायरी चढू? तुझा भाऊ तो माझा कोण नव्हता काय रे?"

"मंग अर्ज कर. अजून वीस दिस हायत. मागनं बोंबलू नको."

चांगूने तंबाखू मळली. "कुणाशी भांडू? महिपती कागद वाचून तोंडावर उत्तर द्यायचा. तू पिशवीबी उलटी धरलीस."

खरंच धरली होती. माझ्यातले कागद अंगणभर सांडले होते. धोंडू हसला, आणि हसता हसता त्याला असा हुंदका आला की चांगूलाच उठून कागद गोळा करावे लागले.

तरी धोंडूचा भरवसा नव्हता. रोज सकाळी तो चांगूच्या ओट्याखाली वहाणा आहेत का बघून यायचा. वहाणा तिथंच असायच्या. वीस दिवस गेले. एकविसाव्या दिवशी त्याने कागद ट्रंकेत ठेवले आणि आवडीला म्हणाला, "वयनी, हिला धुऊन दे गो. उद्या राब भाजायचा हाय."

आज मी खाचराच्या बांधावर, फांदीला टांगलेली आहे. पोटात नाचणीच्या भाकऱ्या आहेत आणि कांदा. भाताच्या रोपांसाठी पालापाचोळा रचून भाजलेल्या राबाच्या धुरातून धोंडू आणि चांगू दोघं खोकताहेत आणि काटक्या कुणी कमी आणल्या यावरून एकमेकांना शिव्या देताहेत. महिपती नाही, ते मला माझ्या शिवणीशिवणीतून कळतं. पण कागदांपेक्षा भाकरी हलकी असते. माझं एवढंच मागणं आहे: माझ्यात परत तारखेचा कागद ठेवू नका. ठेवायचाच झाला, तर आधी भाकरी बाहेर काढावी लागेल, आणि दोघांनाही भूक लागली आहे.