स्वतःचा कोपरा घेऊन आलेली खुर्ची

"कुणाची होती ही?" हा प्रश्न विचारून झाला होता, आणि त्यानंतर खोलीत कोणीच बोलत नव्हते. विचारणाऱ्या आजी माझ्याकडे न पाहता माझ्यामागच्या भिंतीकडे पाहत होत्या. त्यांच्या सुनेने खांद्यावरच्या बाळाचे डोके तळहातावर तोलून धरले होते. भांडार सांभाळणाऱ्या काकू हातातल्या फडक्याची घडी घालत होत्या, उलगडत होत्या, पुन्हा घालत होत्या. आम्हा वस्तूंना माणसांचे हे मौन चांगले ओळखू येते, मित्रांनो. त्या वेळी त्या मौनाच्या मधोमध मी उभी होते.

मी म्हणजे एक ठेंगणी लाकडी खुर्ची. वय बरेच झाले आहे, पण माझ्यात बसणाऱ्यांचे वय कधीच फार नव्हते. माझी पाठ एका फळीची नाही. दोन फळ्या काटकोनात जोडून ती केली आहे. घराच्या दोन भिंती जिथे भेटतात तो कोपराच जणू कोणी उचलून माझ्यामागे लावला आहे. समोर पाट आहे, मांड्यांच्या मधे एक गोल खुंट, छातीशी पट्टा आणि डोक्याच्या दोन बाजूंना दोन लहान उशा.

एवढा सरंजाम कशासाठी, ते सांगते. तुमच्या मेंदूला अक्रोडासारख्या घड्या आहेत. आईच्या पोटात मेंदू घडत असताना त्याच्या पेशी आतून बाहेरच्या दिशेने प्रवासाला निघतात, आपापल्या जागी जाऊन बसतात, आणि पुढे त्या घड्या पडतात. फार क्वचित एखाद्या बाळाच्या बाबतीत हा प्रवास अर्ध्या वाटेत थांबतो. घड्या पडायच्या राहून जातात आणि मेंदू गुळगुळीत राहतो. डॉक्टर त्याला लिसेन्सेफली म्हणतात. आईने काय खाल्ले, कोणाची दृष्ट लागली, असल्या गोष्टींशी त्याचा काडीचाही संबंध नसतो. अशा बाळाची मान सावरत नाही, कंबर धरत नाही. त्याला झटके येतात. एकेक घास गिळणे हे त्याला डोंगर चढण्यासारखे असते. पण ऊन अंगावर आले की त्याला कळते, आणि आपल्या माणसाचा आवाजही कळतो.

अशाच एका बाळाच्या मामाने मला घडवले. मामा सुतार होता. बाळाला सगळे टिल्लू म्हणत. व्यायाम शिकवणाऱ्या बाईंनी कागदावर काढून दिलेल्या आकृतीबरहुकूम मामाने मला उभे केले, आणि मग कारागिराचा अभिमान आड आला. आकृतीत नसलेली एक गोष्ट त्याने आपल्या मनाने केली. माझ्या बैठकीला त्याने आरशासारखे पॉलिश केले. टिल्लूला बसवले, आणि तो हळूहळू पाटाखाली सरकू लागला.

"दादा, हा घसरतोय."

"घसरणारच. असं पॉलिश या गल्लीत कुणी करून दाखवावं."

"तुझं पॉलिश तू घाल चुलीत. माझं पोर खाली चाललंय."

"थांब जरा. टेकू देतो."

"टेकू कशाला, तूच बस त्यात. बघू किती वेळ टिकतोस."

मामा हसला नाही. त्याने टिल्लूला बहिणीच्या हाती दिले आणि पटाशी उचलली. आपल्याच हाताने आणलेली ती चकाकी त्याने खरवडून काढली, आणि बैठकीवर उथळ, नागमोडी खाचा पाडल्या. टिल्लू पुन्हा बसला तेव्हा घसरला नाही. मला नेहमी वाटत आले आहे की ज्या घड्या टिल्लूच्या वाट्याला आल्या नाहीत, त्या मामाने माझ्या अंगावर कोरल्या. त्या खाचांचे ऋण मी अजून वागवते.

आडव्या पडलेल्या मुलाचे जग म्हणजे छत आणि वरून वाकलेले चेहरे. माझ्यात बसल्यावर टिल्लूला खिडकी मिळाली. मामाच्या कारखान्यात, भुशाच्या वासात, करवतीच्या लयीत तो तासन्‌तास बसे. येणारी गिऱ्हाइके आधी त्याला आणि मग मला निरखत. "अशी खुर्ची आमच्या साहेबांकडेसुद्धा नाही," असे एकाने म्हटले तेव्हा मामा आठवडाभर तेच सांगत फिरला. पुढे टिल्लू वाढला. त्याचे गुडघे पाटाला लागू लागले, आणि चाकांच्या मोठ्या खुर्चीने त्याला माझ्याकडून नेले. मग काही काळ मी जिन्याखाली रंगाच्या डब्यांशेजारी पडून होते. एका कोळ्याने माझ्या कोपऱ्याला आपला कोपरा मानले. मी तक्रार केली नाही. निदान कोणीतरी वस्तीला होते.

तिथून टिल्लूच्या आईने मला या भांडारात आणले. दवाखान्याच्या मागची ही एक खोली आहे. उभे राहायला मदत करणाऱ्या चौकटी, झटका आला तर डोके आपटू नये म्हणून केलेली टोप्यांसारखी शिरस्त्राणे, जाड मुठीचे चमचे, असे सारे इथे येते आणि इथून जाते. भाडे नाही. नियम एकच आहे: वस्तू परत आली की का आली, हे विचारायचे नाही. कारण ती दोनच कारणांनी परत येते. एक तर मूल मोठे झालेले असते, किंवा मूल राहिलेले नसते. विचारण्याची पद्धत पडली तर पहिल्याला आपला आनंद दुसऱ्यासमोर सांगावा लागेल. म्हणून काकू सगळ्यांना सारखेच विचारतात, "चहा घेता?"

माझ्यात बसलेले दुसरे मूल म्हणजे चिमणी. तिचे वडील बस चालवत. पाळी संपवून घरी आले की ते माझ्यासमोर जमिनीवर मांडी घालत आणि ठसका लागू नये म्हणून घट्ट केलेले दूध चमच्याने तिला भरवत. प्रत्येक घासाला एक थांबा असे. "चला, शाळेचा थांबा आला, तोंड उघडा. पुढे चला, पुढे जागा आहे." तोंड उघडायला तिला वेळ लागे. बस मात्र कधी तिला सोडून पुढे गेली नाही. हसायलाही तिला उशीर होई. विनोद होऊन जाई, आई भांडी घासायला उठे, आणि मग चिमणीच्या चेहऱ्यावर हसू उगवे. आई ओल्या हातांनी धावत परत येई.

एका थंडीत तिच्या छातीत कफ साठला. एका सकाळी तिला माझ्यात बसवले नाही. त्यानंतरही नाही.

बऱ्याच दिवसांनी तिच्या वडिलांनी मला अंगणात घेतले. धुतले, उन्हात वाळवले. डोक्याच्या उशांना नवे कापड शिवून आणले. भांडारात मला ठेवताना ते काकूंना म्हणाले, "स्क्रू सगळे घट्ट केलेत. पट्टा नवा आहे."

"चहा घेता?"

"नको. गाडी उभी आहे."

गाडी उभी नव्हती, त्यांची सुटी होती. पण जाण्यापूर्वी त्यांनी पट्ट्याचे बक्कल एकदा लावून पाहिले, उघडून पाहिले. पुढच्या मुलाला ते टोचू नये म्हणून. ज्याच्या घरातले मूल गेले, त्याने कधी न पाहिलेल्या मुलाच्या छातीची काळजी केली. माझ्या आयुष्यात मला इतके काही मिळाले, पण त्या बोटांइतके मोठे काही मिळाले नाही.

तर भिंतीकडे पाहत विचारणाऱ्या आजींचा संशय खरा होता, मित्रांनो. आणि मला तोंड नाही.

"तुमचा नियम राहू द्या तुमच्यापाशी," आजी अखेर म्हणाल्या. "मला एवढंच सांगा, ते पोर आहे ना?"

काकूंनी फडके खाली ठेवले. "आजी, मी कुणालाच सांगत नाही. उद्या तुम्ही ही परत आणाल, तेव्हा तुमचंही कुणाला सांगणार नाही."

सुनेने वर पाहिले.

"या मापाची दुसरी आहे का?" सुनेने विचारले.

"नाही. तुमच्यामागे आणखी एक घर थांबलंय."

"आई, नुसतं बसवून बघते. बघायला काय जातंय?"

"मी कुठं काय म्हटलं?"

बाळ जागे झाले होते. सुनेने त्याला माझ्यात टेकवले, पट्टा लावला, आणि हात काढताना ती इतकी घाबरली की तिचे तळवे बराच वेळ हवेतच राहिले. बाळाचे डोके एका उशीवर कलले आणि थांबले. माझ्या दोन फळ्यांनी त्याचे खांदे हलकेच पुढे आणले. खांद्यांपाठोपाठ हातही पुढे आले. आजवर अंथरुणाच्या दोन कडांना पडून राहिलेले ते दोन हात पाटावर एकमेकांना भेटले. बाळ त्यांच्याकडे पाहत राहिले, नव्या पाहुण्यांकडे पाहावे तसे.

"आई, बघा ना."

"बघतेय. डोळे आहेत मला."

मित्रांनो, माझे मागणे फार मोठे नाही. तुमच्या घरात असे काही असेल तर जिन्याखाली टाकू नका. पुसा, स्क्रू आवळा, पुढे पाठवा. आणि कोणाकडून असे काही मिळाले तर त्याला अपशकुनी मानू नका. माझ्यात एक मूल शेवटपर्यंत बसले, ते टेकायला जागा होती म्हणून. मला त्याचे दुःख आहे, लाज नाही.

सुनेने बाळाला उचलून पुन्हा खांद्यावर घेतले. "आई, तुम्ही म्हणाल तसं. न्यायची का नाही?"

आजींनी आपली पिशवी तिच्या मोकळ्या खांद्याला अडकवली. मग वाकून, कण्हत, त्यांनी मला उचलले, घरातले लेकरू घ्यावे तसे कमरेवर घेतले, आणि त्या दाराबाहेर चालू लागल्या.