अकरा दिवसांची खुर्ची

जगन म्हात्रेला सरपंचाच्या खुर्चीवर बसायचं होतं. गावाचं भलं वगैरे करायचं होतंच, पण आधी बसायचं होतं. निवडणुकीत त्याला आणि हरेश पाटलाला सारखी मतं पडली, चिठ्ठी काढली आणि हरेशचं नाव निघालं. जगनने ते मुकाट गिळलं असतं, पण मतदार यादीत काशिरामच्या नावापुढे अंगठा दिसला. काशिरामला जाऊन दोन वर्षं झाली होती. त्याच्या तेराव्याला जगनने स्वतः पंगतीत भात वाढला होता.

मेलेल्याचं मत बाद झालं की आपण सरपंच, असं धरून जगनने पनवेलच्या कोर्टात अर्ज ठोकला. वकील म्हणाले, "सहा महिन्यांत निकाल." कोणते सहा महिने, ते काही त्यांनी सांगितलं नाही.

पहिलं वर्ष समन्समध्येच गेलं. 'इसम पत्त्यावर मिळून आला नाही' असा शेरा वाचला जात होता, तेव्हा तो इसम जगनच्याच शेजारी बसून वडापाव खात होता. हरेशने भाबडेपणाने हात वर केला, तर त्याच्याच वकिलाने तो खाली ओढला. दुसऱ्या वर्षी जज्जसाहेबांची बदली झाली. तिसऱ्या वर्षी नव्या साहेबांनी फाईल वाचायला घेतली आणि त्यांचीही बदली झाली.

वादी-प्रतिवादी यायचे मात्र एकाच गाडीने. कोर्टाजवळ एक गाडी लावायची तर घाम फुटतो, दोन कुठे लावणार? सुरुवातीला दोघं दोन खिडक्यांतून बाहेर बघत बसायचे. पण न्हावा शेवा बंदराचे ट्रेलर पळस्पे फाट्याला अडकले की दीड-दीड तास गाडी हलायची नाही. माणूस ट्रेलर तरी किती बघणार? जगनची दिपिका लग्नाची होती, हरेशचा परेश नोकरीला लागला होता. चौथ्या वर्षी, पुढच्या तारखेची वाट बघता बघता, कोर्टाच्या बाकावरच सोयरीक ठरली. हळदीला सगळं गाव नाचलं. दोन्ही बाजूंचे वकीलही नाचले.

जगनच्या तोंडी हरश्याचा 'व्याहीबुवा' झाला. जगनची बायको हौसा म्हणाली, "आता तरी केस मागं घ्या."

"निकाल लागतोय कुठं?" जगन म्हणाला. अनुभवाने तो बरोबर होता, आणि तिथेच फसला.

या सगळ्यात डोंगराकडच्या वाडीवरची साळू मात्र लटकली होती. वाडीला नळ हवा, एवढाच तिचा अर्ज. हरेशकडे गेली की तो म्हणायचा, "केस कोर्टात हाय, मी कशी सही करू?" जगनकडे गेली की तो म्हणायचा, "मी अजून सरपंच नाय." अर्ज घडी घालून ती परत डोंगर चढायची.

पाचव्या वर्षी काशिरामचा पुतण्या बाळ्या साक्षीला उभा राहिला आणि सरळ म्हणाला, "काकाच्या नावानं मीच बटन दाबला, हरेशशेठचा. काकाची तशी विच्छा होती." ते मत गेलं आणि जगन म्हात्रे एका मताने निवडून आला. मुदत संपायला अकरा दिवस उरले होते.

पाच वर्षं कपाटात ठेवलेला पांढरा सदरा घालून जगन पंचायतीत गेला. पोटावरचं बटण लागेना, पण छाती फुगली होती. हरेश खुर्चीवरून उठून बाजूला झाला.

"बसा, व्याहीबुवा."

जगनने खुर्चीच्या हाताला हात लावला आणि त्याचे पाय अडले. पोरीचा बाप बसलाय आणि पोराचा बाप उभा आहे, असं त्यांच्या भावकीत आजवर घडलं नव्हतं.

"आधी तुमी बसा," तो म्हणाला.

"मी कसा बसू? मला कोर्टानं उठवलाय."

दुसरी खुर्ची मागवावी, तर पंचायतीच्या सगळ्या खुर्च्या कुणाच्या तरी हळदीला गेलेल्या. शिपायाने चहा आणला, तो दोघांनी उभ्यानेच घेतला. तासभर दोन व्याही एकमेकांना 'बसा, बसा' करत राहिले. जगनला रडावंसं वाटलं. खुर्ची हातभर अंतरावर होती.

तेवढ्यात साळू आली. दोन तास चालून आली होती. दोन माणसं उभी आणि खुर्ची रिकामी, म्हणून ती सरळ खुर्चीवर जाऊन बसली.

"सरपंच कोन हाय आता?"

"मी," जगन म्हणाला.

"नक्की? कोर्टात नाय ना?"

"अपील करता येतं..." हरेश सवयीने सुरू झाला. जगनने लग्नानंतर पहिल्यांदाच व्याह्याकडे डोळे वटारून पाहिलं.

साळूने पिशवीतून अर्ज काढला. घड्यांवर तो विरला होता, आणि त्यावर पाच वेळा 'प्रकरण न्यायप्रविष्ट' लिहिलेलं होतं. कोपऱ्यात बोटभर जागा उरली होती. तिथे जगनने वाकून, उभ्यानेच सही केली. सरपंच म्हणून ती त्याची पहिली सही.

"नळ कवा येल?" साळूने विचारलं.

'सहा महिन्यांत' हे शब्द त्याच्या अगदी ओठांवर आले होते. त्याला स्वतःचीच लाज वाटली. त्याने नुसतं पेनाचं टोपण लावलं.

साळूने दोघांकडे आळीपाळीने पाहिलं आणि पाय वर घेऊन मांडी घातली.

"मंग येईस्तवर मी हितंच बसते," ती म्हणाली.