काचेतला जावई

जावई म्हणजे दहावा ग्रह, असं म्हणतात. पण घरजावई हा ग्रह नसतो, उपग्रह असतो. तो आपला सासऱ्यांभोवती फिरत राहतो, आणि सासरे हसले की याच्यावर थोडा उजेड पडतो. आपल्या गोष्टीतल्या जावयाला हे लग्नाआधी कोणी सांगितलं नव्हतं. सांगितलं असतं तरी त्याने ऐकलं नसतं. मुलगी त्याला मनापासून आवडली होती, आणि प्रेमात पडलेल्या माणसाला उपदेश म्हणजे पालथ्या घड्यावर पाणी.

सासऱ्यांचं दिव्यांचं दुकान होतं आणि दुकानाच्या वर घर. घरातून उतरणारा जिना थेट दुकानात यायचा. बाहेर पडायचं तर सासऱ्यांच्या काउंटरसमोरूनच. "निघालात जावईबापू? या हो लवकर," ते म्हणायचे, आणि केस कापायला निघालेल्या जावयालासुद्धा आपण काहीतरी चोरून नेतोय असं वाटायचं.

तो त्यांना मामा म्हणत असे. मामांनी त्याला कधी अरे-तुरे केलं नाही, कधी आवाज चढवला नाही. हीच तर खरी पंचाईत होती. भांडायचं म्हटलं तर समोरच्याने निदान एक वाकडा शब्द तरी बोलायला हवा. मामा सगळं गोडीगुलाबीने करून घ्यायचे. पाकात पाय अडकलेल्या माशीने तक्रार करायची कुणाकडे?

दिव्यांचा धंदा बसायला लागला तेव्हा दुकानात गेमिंगचे कीबोर्ड आणि माउस ठेवायची कल्पना जावयाचीच. आणि ते विकायचे तर दाखवायला हवेत, म्हणून रस्त्याकडेच्या काचेत एक संगणक मांडायचा, हीही त्याचीच. आपल्या हाताने पायावर धोंडा पाडून घेणं म्हणतात ते हेच. पूर्वी त्या काचेत झुंबरं टांगलेली असत. जेमतेम एक टेबल आणि एक खुर्ची मावेल एवढी जागा, मागे प्लायवूडची भिंत, तिच्यात वर काचेची एक पट्टी आणि खाली बुटकं दार, आणि दाराला कडी फक्त दुकानाच्या बाजूने. झुंबरांना आपणहून बाहेर यायची गरज कधी पडली नव्हती.

जावयाने तिथे जीव ओतून काम केलं. बटणांखालचे रंगीबेरंगी दिवे नुसते लुकलुकवणं त्याला मान्य नव्हतं. ते काम लग्नाचा मांडवसुद्धा करतो. त्याला दिवे खेळाशी बोलायला हवे होते. खेळ क्षणाक्षणाला एका प्रोग्रामला कळवत राहतो, की खेळणाऱ्यात जीव किती उरलाय, बंदुकीत गोळ्या किती आहेत, मार कुठून आला. तो प्रोग्राम मग दिव्यांना हुकूम देतो. यात एक भानगड होती. कीबोर्ड एका कंपनीचा, माउस दुसरीचा, हेडसेट तिसरीचा. प्रत्येकाचा आपापला प्रोग्राम, आणि एकाच दिव्यावर सगळ्यांचा हक्क. एका स्वयंपाकघरात तीन मालकिणी. त्याने तिघींना हाकललं आणि एकीच्याच हाती सगळा कारभार दिला, तेव्हा कुठे माउस अर्धा श्वास मागे राहायचा थांबला.

शेवटी जे जमलं ते खरंच देखणं होतं. जीव पूर्ण असला की सगळा कीबोर्ड हिरवा. आकड्यांच्या रांगेत गोळ्या, एक झाडली की एक दिवा विझणार. डावीकडून गोळी लागली तर लाल लाट डावीकडून उठणार आणि माउसपर्यंत पसरत जाणार. जीव संपत आला की सगळंच लाल होऊन छातीच्या ठोक्यासारखं धडधडणार. आणि मेलं की कडेपासून एकेक बटण विझत मधे येणार, आणि फक्त खालचं लांब बटण पांढरं होऊन मंद उघडझाप करत राहणार. ते दाबलं की पुन्हा जीव.

जावई खेळायचाही उत्तम. पहिल्या दिवशी तो काचेत बसला आणि तासभर कुणाच्या बापाला हार गेला नाही. सगळा कीबोर्ड हिरवागार, आणि बाहेर रस्त्यावर कुत्रं फिरकलं नाही. मग एकदा चुकून मेला. लाल लाट उठली, धडधड झाली, आणि दोन माणसं थांबली. मामांनी काउंटरवरून ते टिपलं. जन्मभर दिवे विकलेला माणूस, कुठला दिवा गिऱ्हाइकाचा पाय अडवतो हे त्याला नको का कळायला?

"जावईबापू," संध्याकाळी ते म्हणाले, "तुमचं खेळणं उत्तम आहे, पण ते घरचं. दुकानात जरा मरत राहा. मेलात की फार शोभता."

तेव्हापासून तो रोज काचेत बसून मरत होता. गिऱ्हाइकं दार उघडून आत डोकी घालतात म्हणून मामा मागून कडी घालायचे. बाहेर यायचं झालं की त्याने प्लायवूडवर टकटक करायची, आणि मामांना हातातलं गिऱ्हाईक सोडवेल तेव्हा दार उघडायचं. समोर काच, मागे कडी, कानांवर हेडसेट. बाहेरची माणसं त्याच्याकडे बोट दाखवून हसायची, आणि ती काय म्हणतायत ते त्याला ऐकू यायचं नाही. तोंड दाबून बुक्क्यांचा मार, आणि तोही उजेडात.

आणि अशात एक नोकरी चालून आली. मोठमोठ्या सभागृहांत संगणकावरच्या खेळांच्या स्पर्धा भरवणारी एक कंपनी होती. त्यांच्या माणसाने त्या काचेसमोर उभं राहून दिवे पाहिले होते. आमच्याकडे दिव्यांचं काम बघाल का, असं त्यांनी विचारलं होतं. गाव दुसरं, राहायला खोली त्यांचीच. उत्तर आज दुकान बंद व्हायच्या आत कळवायचं होतं. बायको एका पायावर तयार होती. फक्त मामांना सांगायचं होतं, आणि इथेच घोडं पेंड खात होतं.

"तू सांग ना," त्याने सकाळी पुन्हा एकदा म्हणून पाहिलं.

"मी सांगितलं तर बाबा काही बोलणार नाहीत, नुसते माझ्याकडे बघतील, आणि मी इथेच राहीन," ती म्हणाली. "अहो, नोकरी तुम्हाला आलीय. तुम्ही बोला. आज नाही बोललात तर मी परत कधी विचारणार नाही. तुम्हीपण मग मला सांगू नका की या घरात जीव गुदमरतो."

तिच्या आवाजात राग नव्हता. तो असता तर त्याला बरं वाटलं असतं.

त्याने एक युक्ती मात्र करून ठेवली होती. काचेला आपली गरज उरली नाही, तर मामांना आपल्याला धरून ठेवायचं कारणच राहणार नाही, मग सांगणं सोपं जाईल. म्हणून एका दुपारचा आपला सगळा खेळ त्याने साठवून घेतला होता. पडद्यावर दिसलेलं सगळं, आणि खेळाने दिव्यांच्या प्रोग्रामला कळवलेलं सगळं. आता ते दोन्ही एकदम सोडलं की दिवे बिचारे फसायचे. खुर्ची रिकामी, आणि लाल लाटा, धडधड, मरण, सगळं जागच्या जागी.

दुपारी त्याने ते चालू केलं आणि बाहेर रस्त्यावर जाऊन उभा राहिला. आपली काच त्याने बाहेरून अशी निवांत कधी पाहिलीच नव्हती. इतकी सुंदर दिसत होती की त्याला स्वतःचाच अभिमान वाटला.

माणसं आली, चालताचालता बघून गेली. थांबलं कोणी नाही. रोज थांबणारा कुरियरवाला आला, त्याने रिकाम्या खुर्चीकडे पाहिलं आणि शेजारी उभ्या असलेल्या जावयालाच विचारलं, "तो मरणारा कुठे गेला आज?"

हेडसेट आणि रंगीत उजेडाशिवाय जावयाला त्याने ओळखलं नव्हतं. "सुट्टीवर आहे," जावई म्हणाला.

"मग काय मजा? दिवे काय, आमच्या गल्लीतल्या सलूनलापण आहेत. तो मेल्यावर तोंड कसं करायचा, ते बघण्यासारखं होतं." आणि तो निघून गेला.

जावई तिथेच उभा राहिला. एवढे दिवस त्याला वाटत होतं की लोक दिवे बघायला थांबतात. आपण तिथे नसलो तरी चालेल, हीच त्याची एकुलती एक आशा होती, आणि ती एका कुरियरवाल्याने हसतहसत मोडून टाकली.

आत आला तर मामा वाटच बघत होते. "दिवे झकास आहेत जावईबापू. पण माणसाशिवाय मजा नाही हो. बसता ना?"

जावयाने तोंड उघडलं. शब्द ओठांपर्यंत आले, मामांचा हसरा चेहरा पाहून माघारी फिरले, आणि भलतंच काहीतरी बाहेर पडलं. "मामा, आज माझी मान धरलीय."

"अरेरे. मग तुम्ही टेका जरा. मी बसतो," मामा म्हणाले. "मरायला काय अक्कल लागते?"

त्याने त्यांना हेडसेट चढवून दिला, चालायची चार बटणं दाखवली, गोळी कशी झाडायची ते दाखवलं, आणि बाहेर येऊन मागची कडी घातली. मग मामांच्या जागी काउंटर सांभाळायला आलेल्या बायकोशेजारी जाऊन उभा राहिला. काउंटरवर दुसरा हेडसेट असायचा. गिऱ्हाइकाने त्यात बोलून बघायचं आणि काचेतल्या माणसाने ऐकू येतंय का ते सांगायचं, अशी सोय होती. तो तिथेच उलटा पडलेला होता, आणि त्यातून मामांचा आवाज येत होता.

"अहो! अहो, थांबा की जरा! मागून काय मारता? ही काय रीत झाली?"

बायकोने तोंडावर हात धरला. समोर काचेबाहेर एक माणूस थांबला, मग चार, मग कुरियरवाला परत आला. मामा मरताना नाटक करत नव्हते. त्यांना प्रत्येक गोळी खरोखर लागत होती. ते दचकत होते, खुर्चीतून उठत होते, मारणाऱ्याला हात जोडत होते. गर्दी इतकी झाली की मागची माणसं टाचा उंचावून बघायला लागली. इथून जावयाला दिसत होती ती फक्त मामांची पाठ, आणि काचेत उमटणारा लाल-हिरवा उजेड.

"बोला आता," बायको हळूच म्हणाली. "त्यांचा चेहरा दिसत नाहीये. हीच वेळ आहे."

त्याने हेडसेट उचलून कानांवर चढवला.

"मामा."

"बोला जावईबापू! हे बघा, लाट डावीकडून आली. म्हणजे मारणारा डावीकडे, बरोबर? काय डोकं चालवलंय तुम्ही! मला इतके दिवस वाटत होतं नुसती रोषणाई आहे."

"मामा, मला नोकरी लागलीय. दुसऱ्या गावी. आम्ही दोघं जाणार आहोत. राहायलाच."

पाठ हलली नाही. हात मात्र बटणांवरून उचलले गेले. पडद्यावरचा मामांचा माणूस भर रस्त्यात नुसता उभा राहिला, आणि चारी बाजूंनी गोळ्या आल्या. लाटा एकमेकींवर आदळल्या, सगळं लाल झालं, धडधडलं, आणि कडेपासून एकेक बटण विझत गेलं. बाहेर लोकांनी टाळ्या पिटल्या. इतकं सुंदर मरण त्यांनी त्या काचेत अजून पाहिलं नव्हतं.

अंधारात ते एक लांब बटण पांढरं होऊन उघडझाप करत राहिलं.

"जावईबापू," हेडसेटमधून आवाज आला.

"हो, मामा."

"कडी काढा."

तेव्हा कुठे जावयाच्या लक्षात आलं, की कडी आपणच घातलीय. मामा रोज घालायचे तशीच, नकळत. आता मामा बाहेर येणार, गोड हसणार, "जा की, आम्ही कुठे अडवतोय" म्हणणार, आणि आपण जन्मभर जाणार नाही. तो दारापाशी गेला, कडीवर हात ठेवला, आणि एक क्षणभर त्याच्या मनात आलं की ही नाहीच काढली तर? दुकानाचं मोठं दार सताड उघडं आहे. बायकोचा हात धरायचा आणि चालायला लागायचं. स्वतःचीच लाज वाटून त्याने कडी खाली ओढली.

मामा बाहेर आले नाहीत. त्यांनी हेडसेट गळ्यात ओढला होता आणि मागे न वळता ते काचेकडेच बघत होते. बाहेर लोक हसत होते.

"केवढं कोंडतं हो इथे," ते म्हणाले. "ही माणसं काय बोलतायत ते ऐकू येत नाही. हवा नाही. दार मागून बंद. तुम्ही रोज बसायचात. बोलला का नाहीत कधी?"

जावई दारात वाकून उभा होता. खरं सांगण्याखेरीज त्याच्याजवळ काही उरलं नव्हतं. "तुम्ही कधी रागावलाच नाहीत, मामा. बोलायचं कसं?"

मामा वळले. त्यांचा चेहरा लाल झाला होता, आणि तो दिव्यांचा रंग नव्हता, कारण लाल दिवे सगळे विझलेले होते. डोळे भरले होते.

"गाढव आहात तुम्ही, जावईबापू," ते ओरडले. काउंटरवर बायको दचकली. "शुद्ध गाढव! माझी एकुलती एक पोर घेऊन निघालात, आणि सांगताय कुठून, तर कानातून! समोर यायला काय झालं होतं?"

"चुकलं, मामा," जावई म्हणाला. लग्न झाल्यापासून त्याला या घरात इतकं मोकळं कधी वाटलं नव्हतं.

मामांनी बाहीने डोळे पुसले. "कधी कळवायचंय त्यांना?"

"आज. दुकान बंद व्हायच्या आत."

"मग इथे वाकून काय उभे राहिलात? जा, फोन करा." ते पुन्हा काचेकडे वळले, आणि त्यांनी त्या पांढऱ्या बटणावर बोट ठेवलं. "हे दाबलं की काय होतं?"

"पुन्हा जीव येतो."

"बरं," मामा म्हणाले. "आणि हे दार उघडं राहू द्या."

त्यांनी बटण दाबलं. कीबोर्ड मधून कडेपर्यंत हिरवा होत गेला, आणि जावई फोन करायला रस्त्यावर गेला.