वहिनींचा फर्मा

मित्रांनो, विजेची पेटी उघडली की तुम्हाला आतल्या तारा दिसतात, बटणे दिसतात. त्या तारा ज्या भोकांतून आत येतात, तिकडे कोणी ढुंकूनही बघत नाही. मग ती भोके नेमकी कुठे पाडायची हे सांगणाऱ्याला कोण विचारणार? तो सांगणारा मी. मी एक जुना फर्मा आहे. जाड लोखंडी पट्टी, तिच्यात ओळीने भोके. मला पेटीच्या पत्र्यावर ठेवायचे, माझ्या भोकातून ड्रिल घालायचे, की खाली पत्र्यात जागच्या जागी भोक पडते. मग त्याच भोकावर मोठा कटर लावून ते हवे तेवढे रुंद करायचे.

माझा जन्म एका भांडणातून झाला. घरामागच्या छोट्या वर्कशॉपमध्ये एक जोडपे काम करत असे. त्याला सगळे मिस्त्री म्हणत आणि तिला वहिनी. कारखान्यांतून रिकाम्या पेट्या यायच्या, त्यांना केबलसाठी भोके पाडून द्यायची, हा त्यांचा धंदा. मिस्त्रींचा स्वतःच्या डोळ्यांवर फार भरवसा. एकदा त्यांनी नुसत्या अंदाजाने एका मोठ्या पेटीला भोके पाडली. भोके सुबक होती, पण एकमेकांना इतकी चिकटून की आतून नट आवळायला पानाच फिरेना.

"नट मावतोय की!" मिस्त्री म्हणाले.

"नट मावतोय हो. पाना कुठं फिरवू, माझ्या डोक्यावर?" वहिनी म्हणाल्या.

पेटी भंगारात गेली. त्या संध्याकाळी घरात भांडीच तेवढी बोलत होती. सकाळी वहिनींनी भंगारातून एक जाड पट्टी उचलली. तिच्यावर रेघा ओढल्या, पंच मारून ठिपके केले, भोके पाडली आणि प्रत्येक भोकाची कड कानशीने घासली. कड बोचते का हे त्या करंगळी फिरवून बघत होत्या. मग मला मिस्त्रींच्या पुढ्यात ठेवून म्हणाल्या, "हे घ्या. रोज भांडायला मला वेळ नाही."

मिस्त्रींनी नाक मुरडले, पण पुढची पेटी माझ्याच भरवशावर केली. त्यानंतर माझ्यावाचून त्यांचे पान हलेना.

वहिनींची शिस्त मला ऐकून ऐकून पाठ झाली. केबल पेटीत शिरते तिथे तिला आवळून धरणारी पितळी ग्लँड असते. आधी केबलची जाडी बघायची, मग ग्लँड निवडायची, आणि भोक पाडायचे ते ग्लँडच्या मापाचे. "केबलचं माप घेऊन भोक पाडलं, की ग्लँड रुसून बाहेर बसते," असे त्या म्हणत. उघड्यावर लावायच्या पेटीला त्या भोके तळालाच पाडायला लावत. वरून भोक पाडले तर पाणी आमंत्रणाशिवाय आत येते. केबल अंगावर पेलणारे लांबलचक पत्र्याचे ट्रे आले तर भोके तळाच्या मधल्या पट्ट्यात. दुमडलेल्या कडांना त्या ड्रिल लावू देत नसत, कारण ट्रेचा सगळा दम त्या कडांमध्येच असतो.

काय दिवस होते ते! वर्कशॉपमध्ये तापलेल्या लोखंडाचा आणि तेलाचा वास भरलेला असे. पत्र्याच्या चकचकीत गोल चकत्या जमिनीवर पडत आणि शेजारची मुले त्या गोळा करून न्यायची. आमच्या पेट्यांत केबल अशा सरळ उतरत, जणू कोणी विंचरून ठेवल्या आहेत. कौतुक झाले की मिस्त्री छाती फुगवून म्हणत, "आमचा फर्माच तसा आहे!" फर्मा कोणी केला हे मात्र सांगत नसत. वहिनी गालातल्या गालात हसत आणि कामाला लागत.

मग मिस्त्रींचा हात थरथरू लागला.

पहिल्यांदा चहाची बशी वाजली. पुढे एका दुपारी माझ्या भोकात ड्रिल डगमगले, त्याने मला सरकवले आणि पेटीच्या नव्या रंगावर लांब ओरखडा उठला. मिस्त्री चिडून म्हणाले, "विजेचा दाब कमीजास्त होतोय आज."

वहिनींनी त्यांच्या हाताकडे पाहिले. "होय हो, मघाशी दिवाही मिणमिणला," त्या म्हणाल्या. दिवा अजिबात मिणमिणला नव्हता.

मिस्त्री विश्रांतीला गेले तेव्हा वहिनींनी मला खिळ्यावरून खाली काढले. माझी भोके मोठी केली आणि प्रत्येकात कडक पोलादाची एक आखूड नळी घट्ट ठोकून बसवली. तिला बुश म्हणतात. बुशमधून ड्रिल गेले की ते इकडचे तिकडे होऊच शकत नाही.

"फर्म्याची भोकं झिजली होती," वहिनींनी मिस्त्रींना सांगितले. "बुश बसवलेत."

"तरीच!" मिस्त्रींच्या जिवात जीव आला.

त्यानंतर त्यांच्या हाताची थरथर माझ्या पोलादात यायची आणि तिथेच थांबायची. खालच्या पत्र्याला तिची खबर नसे. अशी बरीच वर्षे गेली.

एका उन्हाळ्यात पंपघरातली पेटी जळाली. सगळ्या वस्तीचे पाणी बंद झाले. नवी पेटी मिळाली, तिच्या तळाचा पत्राही मिळाला, पण एकच. चुकला तर दुसरा नव्हता. केबल जुन्याच होत्या, काँक्रीटच्या जमिनीतून वर आलेल्या. त्या तसूभरही सरकणार नव्हत्या. भोकांनाच त्यांच्याकडे जायचे होते. दारात रिकाम्या बादल्या घेऊन माणसे उभी होती. वहिनींनी जमिनीवर बसून प्रत्येक केबलची जागा पुठ्ठ्यावर उतरवली आणि पुठ्ठ्यावरून पत्र्यावर. मग माझा एकेक बुश एकेका ठिपक्यावर आणून त्या मला क्लॅम्पने आवळू लागल्या. कडेची भोके निर्विघ्न झाली. शेवटचे मात्र पत्र्याच्या ऐन मध्यावर होते. तिथवर क्लॅम्प पोहोचेना.

वहिनींनी मला दोन्ही तळव्यांनी दाबून धरले.

मिस्त्रींनी ड्रिल खाली आणले आणि थांबले. "हात काढ."

"नाही काढत. चालवा तुम्ही."

"अगं, तुझी बोटं आहेत तिथं. आणि माझा हात..."

"माहीत आहे मला."

"कधीपासून?"

"बुश बसवले तेव्हापासून."

"तेव्हा भोकं झिजली होती ना?"

"ती कधीच झिजली नव्हती."

मिस्त्रींनी वहिनींकडे पाहिले. बाहेर कोणीतरी विचारले, "मिस्त्री, जमेल ना?" मिस्त्रींनी डोळे पुसले, ड्रिल बुशमध्ये घातले आणि दाबले. माझ्या एका अंगाला थरथर होती आणि दुसऱ्या अंगाला वहिनींचे घट्ट तळवे. भोक ठिपक्यावरच पडले.

पंप सुरू झाला, नळ फुरफुरले, बादल्या वाजल्या. पंपघराचा माणूस मिस्त्रींची पाठ थोपटू लागला, तेव्हा त्यांनी वहिनींकडे बोट केले. "भोकं हिची आहेत. मी नुसतं दाबलं. तो फर्माही हिनंच केलाय."

दुसऱ्या दिवशी वर्कशॉपमध्ये मिस्त्रींनी ड्रिल वहिनींच्या हाती दिले आणि स्वतः माझ्यावर दोन्ही तळवे टेकवले. सगळा भार टाकून दाबले की त्यांचा हात शांत होई. शेवटपर्यंत त्यांनी ते काम केले.

आता मिस्त्री नाहीत. पेट्या यंत्रावर भोके पाडूनच येतात. मी खिळ्याला टांगलेला असतो आणि पावसाळ्यात अंगावर तांबूस गंज चढतो. आठवण झाली की वहिनी मला खाली घेतात, तेलाचा बोळा फिरवतात आणि थोडा वेळ मांडीवर ठेवतात. माझे तेवढ्यात भागते.

पण मित्रांनो, एक मागणे आहे. तुमच्या घरातही एखाद्याचा हात थरथरत असेल. चहा सांडेल, अक्षर वाकडे येईल, किल्ली कुलपात जाणार नाही. "द्या इकडे, तुम्हाला नाही जमायचं," असे म्हणून त्यांच्या हातातले काम ओढून घेऊ नका. जवळ उभे राहा, आणि दुसऱ्या बाजूने घट्ट धरा.