दारावरचा कागद आणि मी

मी एक जुना, किल्लीवर चालणारा फिल्म कॅमेरा आहे. मित्रांनो, माझ्याकडे प्रेमाने पाहणारी माणसे थोडी, संशयाने पाहणारी फार.

माझी मालकीण झ्लातिना. चित्रण, आवाज, जोडणी, सगळे ती एकटीच करी. तिने खाणीतले घोडे टिपले, करकोच्यांची घरटी टिपली, तुरुंगातले लग्नसुद्धा टिपले. सरकारी लोकांना वाटे, मी गुपिते चोरतो. पुढे मलाही प्रत्येकाचा संशय येऊ लागला.

रोडोपीच्या डोंगरातल्या एका गावात आम्ही मांचो नावाच्या मधमाश्या पाळणाऱ्या म्हाताऱ्याला टिपले. थोड्याच दिवसांत तो वारला. घरात त्याचा एकही फोटो नव्हता. घरच्यांनी आमच्या फिल्ममधले चित्र मागून घेतले आणि रिवाजाप्रमाणे निधनाच्या कागदावर छापून दाराला चिकटवले. झाले! गावाने ठरवूनच टाकले : जो या डब्यात शिरतो, तो दारावर जातो.

त्याच गावात वेला आजी राहत असे. पाण्याच्या धारेखाली घोंगडी मळून मऊ करण्याची रीत तिच्या एकटीच्याच हातात उरली होती. झ्लातिनाला ते हात टिपायचे होते.

"तो डबा बाहेर ठेव, पोरी. माझ्या दाराला कागद नकोय इतक्यात."

"आजी, मांचोकाका म्हातारे होते गं!"

"मग मी काय तरणी आहे?"

झ्लातिनाने मला आजीच्याच हाती दिले. "तूच मला टीप. वर्षभर जगले, तर मग तुझी पाळी."

"आणि मेलीस तर?"

"तर तुझंच खरं!"

आजीने मला डोळ्याला लावले. त्या क्षणी मला स्वतःचाच संशय आला.

पुढच्या वर्षी संत गेओर्गीच्या सणाला झ्लातिना ठणठणीत परतली. गाव डोळे फाडून पाहत राहिले. पण आजीच्या दारावर ताजा कागद होता. त्यावर नाव होते. फोटोची चौकट रिकामी होती.

"तू येणार म्हणून घोंगडं भिजवून ठेवलं होतं तिनं," शेजारीण म्हणाली.

झ्लातिनाने आजीने केलेले चित्रण काढून पाहिले. त्यात ती स्वतः हसत उभी होती, आणि कोपऱ्यात, भिंगावर आलेले एक जाड, सुरकुतलेले बोट. त्या हातांचे जगात तेवढेच चित्र.

आजी गेल्याच्या चाळिसाव्या दिवशी, तिथल्या रिवाजाप्रमाणे, दारावर नवा कागद लागला. चौकटीत ते बोट होते. गाव आधी हसले, मग एकेकाने टोपी उतरवली.

आता मी कपाटात असतो. माझी किल्ली अडकते. मित्रांनो, अनोळखी वस्तूचा संशय जरूर घ्या. पण तिला पारखायला वर्ष लावू नका.