ऊन दाखवलेली अळंबी

माझ्या सासऱ्यांनी उभा जन्म सार्वजनिक बागेत माळीकाम केलं. वाळक्या काठीलाही त्यांच्या हातून पालवी फुटते, असं सासूबाई कौतुकानं सांगतात. माझ्या अळंबीचं नेमकं तिथंच घोडं अडलं.

बाळाला पाळणाघरात ठेवून ऑफिसला जायचं माझ्या अगदी जिवावर आलं होतं. म्हणून मागच्या अंधाऱ्या खोलीत भुशाच्या पिशव्या टांगून मी अळंबी लावली. कोपऱ्यावरच्या हॉटेलचा आचारी म्हणाला होता, "शुक्रवारी नमुना आणा, पसंत पडला तर नेहमी घेईन." नाहीतर रजा संपून सोमवारी मी कामावर हजर. पिशव्यांच्या छिद्रांतून टाचणीच्या डोक्याएवढे कोंब आले, तेव्हा बाळाचा पहिला दात दिसल्यासारखी मी घरभर सांगत सुटले.

बुधवारी बाळाला लस द्यायला नेलं. जाताना सासऱ्यांना म्हटलं, "बाबा, पिशव्यांवर तेवढं पाणी फवारा." परत येऊन बघते, तर सगळ्या पिशव्या गच्चीवर, रणरणत्या उन्हात ओळीनं मांडलेल्या. आणि शेजारी घामाघूम बाबा.

"बिचाऱ्यांनी उन्हाचं तोंड पाहिलं नव्हतं गं!"

कोंब पिवळे पडून सुकले होते. मला रडायचं होतं, पण बाळानं आधीच सूर लावला.

"बाबा, ते झाड नाहीये."

"उगवतं, एका जागी राहतं, पाणी मागतं. मग झाड नाही तर काय बैल?"

"झाड उन्हात स्वतःचं अन्न स्वतः शिजवतं. हिला हिरवं पान नाही, चूल नाही. ही भुसाच पचवून खाते. खरं तर ती झाडापेक्षा आपल्याच जवळची."

"आपल्यात असं आयतं खाणारं कोण आहे?"

सासूबाईंनी सोफ्यावर लोळणाऱ्या माझ्या नवऱ्याकडे पाहिलं.

"माझं नाव कशाला मध्ये?" तो म्हणाला. कुणी त्याचं नाव घेतलंच नव्हतं.

पिशव्या पुन्हा अंधाऱ्या खोलीत टांगल्या, पण शुक्रवार कोरडा गेला. सोमवारी बाळाला सोडून निघताना मी तीनदा माघारी फिरले. बाबा म्हणाले, "पाळणाघर कशाला? मी आहे ना. पिशव्यांपाशी बसायचंच आहे, त्याला मांडीवर घेऊन बसेन."

मग रोज ऑफिसातून यायचं, तर अंधाऱ्या खोलीत एका हातात फवारा, खांद्यावर झोपलेलं बाळ, असे बाबा. दार जरा उघडलं की आतून दबका आवाज, "लाव आधी! ऊन येतंय!"

पुढच्या आठवड्यात एका दुपारी त्यांचा फोन आला. पिशव्यांना नव्यानं घोस लगडले होते. मी घरी पोचेपर्यंत बाबा आचाऱ्याकडे जाऊनही आले होते. माल पसंत. नेहमीची मागणी पक्की. वर त्याला तासभर समजावलंही होतं, की ही वनस्पती नव्हे, हिच्याकडे झाड म्हणून बघायचं नाही.

"म्हणजे मी उद्याच राजीनामा देते," बाळाला छातीशी घट्ट धरून मी म्हटलं. "घरी राहून अळंबीच बघते."

बाबांनी चष्म्यावरून मला नीट न्याहाळलं.

"बघ की. पण आधी थोडे दिवस माझ्या हाताखाली शीक."