सुईणआजीचा दिवा

"हिचं नाव सांग, नाहीतर जागा सोड," कबरस्तानाची राखण करणारे वागिनोकाका खुरपं टेकवत म्हणाले. "रमजान संपला की इथं दुसऱ्याला ठेवायचंय. कबरस्तान काय रबराचं आहे, ताणायला?"

सुमार्तीनं गवत बाजूला सारून पाहिलं; कुठंच नाव नव्हतं. रमजानआधी सगळं गाव आपापल्या माणसांच्या कबरी साफ करायला लोटलं होतं, आणि कोपऱ्यातल्या या एका कबरीवर गुडघाभर गवत माजलं होतं. खाली गावची सुईण. ना मूल ना बाळ. सातव्या महिन्यात जन्मलेल्या सुमार्तीला तिनं पोटाशी बांधून जगवलं होतं, आणि सुमार्तीला तिचं नावही ठाऊक नव्हतं. तिला स्वतःचीच लाज वाटली.

ती शेजारच्या कबरी साफ करणाऱ्यांना विचारत निघाली.

"नाव? सगळे आजीच म्हणायचो की," शिंपीण लास्मीमावशी म्हणाली. "तोंडाची भारी फटकळ! माझ्या वेळी आई कळांनी ओरडली तर म्हणे, 'लग्नात बरी हसत होतीस!' पण मी जन्मल्यावर नाळेसकट माझी वार मडक्यात घालून पुरताना आत सुई टाकली हो तिनं. त्या सुईवरच जगतेय मी."

"माझ्या मडक्यात पेन्सिल," सुप्रानमास्तर हसले. "म्हणाली, 'नांगर धरण्यातलं नाही हे ध्यान.'"

नाव कुणालाच आठवेना. पण बोलता बोलता एकेक जण विळा घेऊन त्या कोपऱ्यात आला, आणि बघता बघता गवत निघालं.

"गप्पा पुरे," वागिनोकाका म्हणाले. "वारस कोण हिचा?"

"काका, तुमची वार कुणी पुरली?" सुमार्तीनं विचारलं.

काकांचा हात थांबला. "तिनंच. दाराच्या उजवीकडे. वर टोपली पालथी घालून आत दिवा. आई तापानं फणफणलेली, म्हणून रोज संध्याकाळी हीच यायची म्हणे, तेल घालायला." आणि ते खुरपं उचलून चालू लागले.

दिवेलागणीला सुमार्ती धाकधुकीनंच फुलं घेऊन परत आली. कबरीवर टोपली पालथी घातलेली होती. विणीतून उजेड येत होता. शेजारी वागिनोकाका तेलाची बाटली घेऊन उकिडवे बसले होते.

"नाव नाही मिळालं, काका."

"राहू दे," ते टोपली जराशी उचलत म्हणाले. "पहिल्या दिवशी बाळाला तरी कुठं नाव असतं?"

आणि त्यांनी दिव्यात तेल घातलं.